अंगाला सूत, वरून रेशीम

ईदच्या सकाळी नांदेडच्या इतवाऱ्यात किंवा लातूरच्या गंजगोलाईजवळ तासभर उभे राहिले की आपल्या तरुण पिढीच्या पोशाखाचे सगळे प्रकार नजरेस पडतात. गुडघ्यापर्यंतचा पांढरा कुर्ता, खाली जीन्स आणि पायात जाड तळव्यांचे स्पोर्ट्स शूज. शेरवानीच्या गळ्याचे जाकीट, पण आत टी-शर्ट. पठाणी सूट, आणि डोक्यावर नमाजची टोपी काढून लगेच चढवलेली क्रिकेटची टोपी. मुलींचेही तेच. अंगात अबाया, डोक्याला स्कार्फ, पाठीवर सॅक, पायात पांढरे कॅनव्हासचे बूट आणि हाताखाली स्कूटी. मोहल्ल्यातले बुजुर्ग हे पाहतात आणि म्हणतात, “ना धड हे, ना धड ते.”

ही तक्रार हसण्यावारी नेण्यासारखी नाही. तिच्यात तीन वेगळ्या तक्रारी मिसळलेल्या आहेत. पहिली तहजीबची : बापजाद्यांचा पोशाख त्याच्या अदबीसह घालायचा असतो, त्याचे तुकडे करून बाजारी कपड्यांना जोडले की अदब जाते. दुसरी मजहबची : दुसऱ्या कौमची नक्कल, ज्याला आपल्याकडे तशब्बुह म्हणतात, ती माणसाला आपल्यातून उठवून त्यांच्यात नेऊन बसवते. तिसरी तक्रार बाहेरून येते आणि ती बरोबर उलटी असते : हे लोक जीन्स घातली तरी टोपी सोडत नाहीत, मिसळून जात नाहीत. म्हणजे कुर्ता-जीन्स घातलेल्या त्या पोरावर घरातून आरोप येतो की तू फार मिसळलास, आणि बाहेरून येतो की तू पुरेसा मिसळला नाहीस. दोन्ही आरोप करणाऱ्यांचे एका गोष्टीवर मात्र एकमत आहे. कपडा पाहून माणूस कोणाचा आहे, हे ठरवता येते, असे दोघेही धरून चालतात. या लेखात तपासायचे आहे ते हेच. माणसाच्या अंगावरच्या कपड्यावर पहिला हक्क कोणाचा? ज्याच्या अंगावर तो आहे त्याचा, की जो पाहतो त्याचा?

आधी परंपरेचे पाहू. आपण जिला खानदानी म्हणतो ती शेरवानी कुठून आली? अंगरखा आणि अचकन आपल्याकडे होतेच. एकोणिसाव्या शतकात त्यांना इंग्रजांच्या फ्रॉक कोटाचा बेत आणि समोरच्या बटणांची रांग मिळाली, आणि शेरवानी तयार झाली. त्या काळातल्या एखाद्या जुन्या वळणाच्या मौलवींनी ती पाहिली असती, तर त्यांनीही “ना धड हे, ना धड ते” असेच म्हटले असते. पुढे अलिगडने ती उचलली, हैदराबादने तिला दरबारी इभ्रत दिली. 1918 मध्ये सुरू झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे विद्यार्थी शेरवानीत वर्गात बसत. नांदेड आणि लातूर तेव्हा निजामाच्या राज्यात होते. या भागातले हिंदू वकील, शिक्षक आणि सरकारी नोकरही शेरवानी घालत. ती मुसलमानाची खूण नव्हती, राज्याच्या शिष्टाचाराची खूण होती. तिला धर्म नंतर चिकटला.

अबायाचे तर याहून नवे. आपल्या भागातल्या खेड्यापाड्यांत पिंजारी, मोमीन, आतार, तांबोळी, बागवान यांच्या घरातली आजी लुगडे किंवा साडी नेसत असे. पदर डोक्यावर असे, आणि तिच्या दीनदारीवर कोणी बोट ठेवत नसे. काळा, पायघोळ, आखाती वळणाचा अबाया मराठवाड्यात आला तो दुबई-सौदीला नोकरीसाठी गेलेल्या माणसांच्या बॅगांतून आणि नंतर बाजारातून. आज नातीचा अबाया ‘आपली परंपरा’ ठरतो आणि आजीची साडी ‘त्यांचा पोशाख’ ठरते. नातीने अबाया घालू नये, असे मला म्हणायचे नाही. पण परंपरा हा शब्द उच्चारताना आपण पन्नास वर्षांपूर्वीच्या आपल्याच आजीला घराबाहेर काढत आहोत, एवढे ध्यानात असावे.

आपली मराठी या बाबतीत आपल्यापेक्षा शहाणी निघाली. सदरा, पायजमा, रुमाल, खिसा, अस्तर, रफू हे शब्द अरबी-फारशीतून आले आणि मराठी झाले. शेतकरी सदऱ्याच्या खिशात हात घालतो तेव्हा हा शब्द कोणत्या कौमचा, असे त्याच्या मनातही येत नाही. शब्द अंगावर बसला की तो आपला. कपड्याचेही तसेच का असू नये?

पण कपड्याचे तसे होत नाही, आणि याचे कारण आपल्या भागाने फार मोठी किंमत देऊन शिकलेले आहे. त्यासाठी एका टोपीची हकिकत सांगितली पाहिजे. लाल रंगाची, वर काळा गोंडा असलेली, आपल्याकडे रुमी किंवा तुर्की म्हणून ओळखली जाणारी ती टोपी. युरोपातल्या भाषांत तिला ‘फेझ’ म्हणतात. हे नाव मोरोक्कोतल्या फेस शहराचे. 1829 मध्ये तुर्कस्तानचा सुलतान महमूद दुसरा याने सरकारी माणसांना पगडी काढून ही टोपी घालायला लावली. तेव्हा ती सुधारणेची, नव्या जमान्याची टोपी होती, आणि पगडी सोडायला लावल्याबद्दल जुन्या लोकांची कुरकुर होती. बरोबर 96 वर्षांनी, 1925 मध्ये, मुस्तफा कमालच्या सरकारने कायदा करून हीच टोपी बंद केली आणि युरोपी हॅट आणली. आता ती मागासपणाची टोपी झाली होती, आणि ती काढायला लावल्याबद्दल लोक रस्त्यावर आले. टोपी तीच, कापड तेच, गोंडाही तोच. शंभर वर्षांच्या आत ती आधी सरकारची झाली, मग बंडखोराची. टोपीत स्वतःचा असा अर्थ नव्हता. ज्याच्या हाती दंडा होता तो तिला अर्थ देत होता.

आपल्याकडे हीच टोपी 1948 पर्यंत शेरवानीच्या जोडीने मिरवत होती. त्याआधीची वर्षे रझाकारांची होती. त्यांचा पुढारी कासीम रझवी लातूरला वकिली करीत होता, आणि त्याच्या संघटनेने या भागातल्या हिंदूंवर आणि राज्याविरुद्ध बोलणाऱ्या कोणावरही जे अत्याचार केले, ते मराठवाडा विसरलेला नाही. आपणही विसरू नये. 13 ते 17 सप्टेंबर 1948 या पाच दिवसांत हैदराबाद राज्य भारतात आले. त्यानंतरच्या दिवसांत मात्र सूड उगवला गेला तो प्रामुख्याने अशा मुसलमानांवर, ज्यांचा रझाकारांशी काही संबंध नव्हता. भारत सरकारनेच पाठवलेल्या पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफ्फार यांच्या शिष्टमंडळाने या भागात फिरून अहवाल दिला. मृतांचा आकडा सत्तावीस ते चाळीस हजार असावा असा त्यांचा अंदाज होता, आणि सर्वांत जास्त झळ बसलेले जिल्हे म्हणून उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड यांची नावे त्यांनी घेतली. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यात होते. हा अहवाल पुढे कित्येक दशके लोकांसमोर आला नाही.

त्या दिवसांत माणसाला ओळखायचे कसे? कपड्यावरून. ज्या पोशाखात काल नोकरी होती, त्या पोशाखात आज संशय होता. हिंदू वकिलाने शेरवानी काढली आणि तो मोकळा झाला. मुसलमान वकिलाने शेरवानी काढली तरी त्याच्या मागची नजर गेली नाही. मराठवाड्यातल्या मुसलमानाने कपड्याचा धडा घेतला तो असा. कपडा म्हणजे साक्ष, आणि ही साक्ष आपल्या बाजूने जाईल की विरुद्ध, हे आपल्या हातात नसते. मग काहींनी ओळख मिटवणारा कपडा निवडला, सदरा-धोतर, पुढे शर्ट-पँट. काहींनी उलट, आता लपायचे नाही म्हणून, ओळख गडद करणारा कपडा निवडला. दोन्ही निवडी भीतीतून जन्मलेल्या होत्या. आरशासमोर उभे राहताना दोघांच्याही मनात तिसरा कोणी तरी उभा असे.

इथे त्या टोपीला नाव देणाऱ्या मुलखाकडे थोडे वळू. मोरोक्कोत जेलाबा नावाचा पायघोळ, सैल झगा पुरुष आणि बायका दोघेही घालतात. त्याला मागे टोपडे असते. आज तिथल्या शहरांतले तरुण जेलाब्याखाली जीन्स आणि स्पोर्ट्स शूज घालून फिरतात. जगभरची पोरे ज्याला हुडी म्हणतात त्या टोपड्याच्या कपड्यात आणि जेलाब्यात फार अंतर नाही, हे त्यांना कोणी सांगावे लागले नाही. हसन हज्जाज हे 1961 मध्ये तिथल्या लाराश गावी जन्मलेले आणि लंडनला वाढलेले छायाचित्रकार. माराकेशमध्ये मोटरसायकल चालवणाऱ्या मुली-बायकांची त्यांची छायाचित्रे जगभर गाजली. त्या बायकांच्या अंगात जेलाबा आहे, तोंडावर नकाब आहे, आणि त्या कापडावर परदेशी बड्या कंपन्यांची चिन्हे आहेत. युरोपातल्या प्रेक्षकाला वाटले, वा, काय गंमत, जुने आणि नवे एकत्र! पण त्या बायकांना त्यात गंमत वाटण्यासारखे काही नव्हते. माराकेशमध्ये बायका दुचाकीवरूनच कामाला जातात आणि जेलाबा त्यांचा रोजचा कपडा आहे. गंमत पाहणाऱ्याच्या डोळ्यात होती. नांदेडच्या रस्त्यावर अबाया घालून स्कूटीवरून शिकवणीला निघालेल्या मुलीला विचारा. तीही म्हणेल, मी काही मिसळत नाही, मी क्लासला चालले आहे.

याच मोरोक्कोची दुसरी बाजूही आहे. फ्रान्सचे प्रसिद्ध पोशाखकार इव्ह सेंट लॉरेंट 1966 मध्ये पहिल्यांदा माराकेशला आले, तिथे त्यांनी घर घेतले आणि तिथल्या काफ्तानाचे रंग आणि बेत पॅरिसला नेले. 2017 मध्ये माराकेशमध्ये त्यांच्या नावाचे संग्रहालयही उघडले. पॅरिसच्या मंचावर काफ्तान आला की ती कला झाली. त्याच फ्रान्सने 2023 मध्ये सरकारी शाळांत मुलींना अबाया घालायला बंदी केली. म्हणजे सैल, पायघोळ झगा धनवान गिऱ्हाइकाच्या अंगावर असला की सौंदर्य, आणि मोरोक्को-अल्जीरियाहून आलेल्या मजुराच्या मुलीच्या अंगावर असला की आव्हान. आपल्याकडे याचे प्रतिरूप पाहायचे तर सिनेनटाच्या लग्नातली शेरवानी आणि रेल्वेच्या डब्यातल्या मुसलमानाची शेरवानी डोळ्यांसमोर आणा. पहिलीचे मासिकात फोटो छापले जातात. दुसरीकडे सहप्रवासी जरा वेगळ्या नजरेने पाहतात. 2019 च्या डिसेंबरात झारखंडमधल्या सभेत पंतप्रधानांनीच हिंसाचार करणारे कपड्यांवरून ओळखता येतात, असा आशय मांडला. तेव्हा 1948 चा तो धडा पुन्हा आठवणे साहजिक होते.

आता घरातल्या तक्रारीकडे येऊ. नक्कल वाईट, हे तत्त्व म्हणून मान्य. पण नक्कल म्हणजे काय? हदीसच्या बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही संग्रहांत मुगीरा बिन शुअबा यांनी सांगितलेला एक प्रसंग आहे. प्रवासात पैगंबर साहेबांनी वुजूसाठी पाणी मागवले. त्यांच्या अंगात शामी जुब्बा होता. बाह्या इतक्या अरुंद होत्या की त्या वर सरकेनात, तेव्हा त्यांनी हात आतून काढून जुब्ब्याच्या खालून बाहेर घेतले आणि वुजू केला. शाम हा त्या काळी रोमनांच्या सत्तेखालचा मुलूख, आणि तिर्मिजीच्या रिवायतीत तर त्या जुब्ब्याला रुमीच म्हटले आहे. परक्या मुलखाचा, परक्या वळणाचा कपडा त्यांनी घातला, अडचण आली तेव्हा मार्ग काढला, आणि नमाज अदा केली. कपडा कोणाचा हा प्रश्न तिथे उठलाच नाही. उलट ज्या कपड्याची निंदा हदीसमध्ये आहे तो लिबासे-शोहरत, लोकांनी वळून पाहावे म्हणून, स्वतःचे मोठेपण दाखवायला घातलेला कपडा. या निकषावर पाहिले तर हजारो रुपयांची जरीची शेरवानी दोषी ठरू शकते आणि दोनशे रुपयांच्या कुर्त्याखालची जुनी जीन्स निर्दोष सुटू शकते. कुरआनातही वस्त्राचा हेतू अंग झाकणे आणि शोभा हा सांगून, तक्वाचे वस्त्र सर्वांत चांगले, असे म्हटले आहे. ते वस्त्र कोणत्याही दुकानात मिळत नाही आणि ते दुसऱ्याच्या अंगावर आहे की नाही, हे आपल्याला दिसत नाही.

शिवाय दुसऱ्याचा पोशाख घेणे ही नेहमी लाचारीच असते, असे नाही. डिसेंबर 1927 मध्ये महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अस्पृश्य समाजातल्या बायकांना सांगितले, की जातीची खूण दाखवणारी साडी नेसण्याची पद्धत आणि ते जड दागिने सोडा, वरच्या जातीतल्या बायकांसारख्या नेसा. ती नक्कल नव्हती. कपड्यावरून माझी पायरी ओळखण्याचा तुमचा हक्क मी काढून घेत आहे, असे ते जाहीर करणे होते. मराठवाड्यातल्या माणसाला ही भाषा समजावून सांगावी लागत नाही.

नांदेडला तर दुसरे उदाहरण रोज रस्त्यावर आहे. 1708 मध्ये गुरू गोविंदसिंगांचे देहावसान इथे झाले, आणि हुजूर साहिबच्या आसपास शीख वस्ती पिढ्यान्‌पिढ्या आहे. शीख तरुण पगडी बांधतो, कडे घालतो, वर टी-शर्ट आणि खाली जीन्स घालतो, मोटरसायकलवरून जातो. मोटार वाहन कायद्याने त्याच्या पगडीला हेल्मेटमधून सूट दिली आहे. त्याच्या पोशाखात जुने-नवे मिसळले, याची चर्चा नांदेडमध्ये कोणी करत नाही. समाज आणि कायदा यांनी ठरवले तर पोशाखाकडे साक्ष म्हणून न पाहता, त्या माणसाची बाब म्हणून पाहता येते. ते अशक्य नाही.

इथपर्यंत माझ्याशी सहमत होणारे वाचक पुष्कळ असतील. अडचण पुढे आहे. कपड्यावर पहिला हक्क घालणाऱ्याचा, हे तत्त्व आपण सरकारला सांगतो, पोलिसांना सांगतो, शेजाऱ्यांना सांगतो. तेच तत्त्व घरात मुलीसमोर आले की आपली जीभ अडखळते.

2022 हे साल या दृष्टीने विसरता येणार नाही. त्या वर्षी फेब्रुवारीत, उदगीरपासून जवळच असलेल्या सीमेपलीकडच्या कर्नाटकात, सरकारने गणवेशाचा आदेश काढला आणि हिजाब घातलेल्या मुली कॉलेजच्या फाटकाबाहेर राहिल्या. 15 मार्चला तिथल्या उच्च न्यायालयाने बंदी कायम केली. 13 ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी दोन वेगळे निकाल दिले. आणि त्याच वर्षी सप्टेंबरात तेहरानमध्ये हिजाब नीट घातला नाही म्हणून पकडलेली महसा अमिनी ही बावीस वर्षांची मुलगी मरण पावली, आणि सारा इराण पेटला. त्याच इराणमध्ये 1936 साली रझाशहाचे शिपाई बायकांच्या डोक्यावरची चादर ओढून काढत होते. एकाने ओढून काढली, दुसऱ्याने ओढून घातली. उडुपीच्या मुलीसाठी आपण रस्त्यावर आलो, ते योग्यच केले. तेहरानच्या मुलीसाठी आपल्यातले किती जण बोलले? दोघींचे म्हणणे तर एकच होते : माझ्या डोक्याचे मी पाहीन.

मोरोक्कोचाच एक माणूस इथे आठवतो. तंजा शहरात 1304 मध्ये जन्मलेला इब्न बतूता. मुहम्मद तुघलकाच्या दिल्लीत तो काझी होता. पुढे सुलतानाचा वकील म्हणून चीनकडे निघाला तेव्हा वाटेत आपल्या दौलताबादलाही येऊन गेला. नंतर मालदीव बेटांवर तो काझी झाला. तिथले लोक नेक आणि दीनदार आहेत, असे तो स्वतःच लिहितो. पण तिथल्या बायका कमरेपासून खालीच वस्त्र नेसत, आणि मोरोक्कोच्या काझीला हे पाहवेना. त्याने हुकूम काढले, धाक दाखवला. शेवटी त्याचे यश एवढेच, की त्याच्या कचेरीत फिर्याद घेऊन येणारी बाई अंग झाकून येई. कचेरीबाहेर त्याचे काही चालले नाही, आणि तशी कबुली तो देतो. हातात सत्ता, तोंडात शरीअत, समोर दीनदार माणसे. तरीही पोशाख हुकुमाने बदलला नाही. जो बदलला तो दाराशी घातलेला आणि दाराशीच काढलेला. आपल्या घरांतही असे दार असते. गल्लीच्या तोंडाशी बॅगेतून निघणारा किंवा बॅगेत जाणारा कपडा ज्यांनी पाहिला असेल, त्यांना याहून जास्त सांगायला नको.

लातूर आणि नांदेड आज शिकवणीची शहरे आहेत. खेड्यापाड्यांतून हजारो मुलेमुली नीटच्या तयारीसाठी खोल्या घेऊन राहतात, आणि त्यांत आपल्या मुलींची संख्या डोळ्यांत भरण्यासारखी आहे. या परीक्षेचे पोशाखाचे नियम कडक : बाह्या अखूड, पायात चपला. पण त्याच नियमांत एक सोय असते. ज्यांना धार्मिक किंवा रिवाजाचा पोशाख घालायचा आहे, त्यांनी लवकर यावे, तपासणी करून घ्यावी आणि आत जावे. भांडण मिटवायला एवढे पुरते. ना बंदी, ना सक्ती. तासभर आधी येणे एवढाच हिशेब. खोलीवर राहणाऱ्या त्या मुलीने अबाया घालायचा की कुर्ता-जीन्सवर ओढणी घ्यायची, याचा निर्णय ती स्वतः घेऊ लागली आहे. उद्या ती डॉक्टर होईल, तेव्हा दुसऱ्यांच्या जीवनमरणाचे निर्णय घेईल. तिला डोक्यावरच्या कापडाचा निर्णय घेता येणार नाही, असे म्हणणारा बाप तिच्या अकलेवर विश्वास ठेवतो की नाही?

यावर एक आक्षेप रास्त आहे. सगळेच निवडीवर सोडले तर उरेल काय? तहजीब नावाची काही वस्तू असते; ती एकट्या माणसाच्या मर्जीवर टिकत नाही. खरे आहे. पण ती टिकते ती शिकवल्याने आणि जपल्याने, पहारा ठेवल्याने नाही. मशरू आणि हिमरू विणणारे हात मराठवाड्यातच, तेव्हाच्या औरंगाबादेत आणि आताच्या छत्रपती संभाजीनगरात, होते. हातमागावर हिमरू विणणारी घरे आता मोजकीच उरली आहेत. पोराने जीन्स घातली म्हणून काही ती बंद पडली नाहीत. तहजीबच्या नावाने भाषण करणाऱ्या आपण मोठ्यांनी लग्नाची शेरवानी यंत्रावरच्या चकचकीत कापडाची घेतली, म्हणून ती बंद पडत गेली. याच उदगीरच्या केंद्रात राष्ट्रध्वजाची खादी विणली जाते आणि नांदेडच्या मराठवाडा खादी ग्रामोद्योग समितीत तिचे ध्वज तयार होतात. 30 डिसेंबर 2021 रोजी नियम बदलून यंत्रावरच्या पॉलिस्टरच्या ध्वजालाही मुभा मिळाली, तेव्हा या कारागिरांच्या पोटाचा प्रश्न उभा राहिला. कपड्याबद्दल आपले काही कर्तव्य असेलच, तर ते घालणाऱ्यावर पहारा ठेवण्याचे नाही. विणणाऱ्याची आणि शिवणाऱ्याची मजुरी देण्याचे आहे. जीन्सवर हिमरूचे जाकीट घालणारा पोरगा एखादा माग चालू ठेवतो. त्याला नावे ठेवणारा कोणताच माग चालवत नाही.

आणि मशरू या कापडाची घडण पाहा, म्हणजे हा सगळा वाद आपल्या विणकरांनी कधीच मिटवला होता, असे वाटते. निखळ रेशीम पुरुषांना मना आहे. रेशमाची हौस तर सुटत नाही. तेव्हा विणकराने ताणा रेशमाचा आणि बाणा सुताचा घेतला, आणि वीण अशी बसवली की वरून रेशीम दिसावे आणि आतून अंगाला सूत लागावे. फुकहांनी हे मान्य केले. मशरू या शब्दाचा अर्थच ‘शरीअतने मान्य केलेले’ असा आहे. म्हणजे ज्याला आपण अस्सल, जुने, परंपरेचे कापड म्हणतो ते मुळातच दोन धाग्यांचा समझोता आहे. हौस आणि हुकूम एकाच विणीत बसवलेले आहेत. त्यात मिसळ आहे म्हणून ते खोटे ठरले नाही. मिसळ आहे म्हणूनच ते जायज ठरले.

या कापडाचा आणखी एक गुण आहे. पाहणाऱ्याला त्याचे रेशीम तेवढे दिसते. अंगाला काय लागले आहे, हे ज्याने घातले त्यालाच कळते. कपड्यावरून माणसाचा निवाडा करणारा प्रत्येक जण, मग तो फाटकाशी उभा असलेला शिपाई असो, आगगाडीतला सहप्रवासी असो, मोहल्ल्यातला बुजुर्ग असो की घरातला बाप असो, रेशमाकडे पाहून सुताची साक्ष देत असतो. ती साक्ष देण्याचा अधिकार त्याला नाही. सरकारसमोर हे आपण ठणकावून सांगितले पाहिजे. आणि ते सांगताना आपला आवाज खरा वाटावा, असे वाटत असेल, तर कुर्त्याखाली जीन्स घातलेल्या मुलाला आणि ओढणी घ्यावी की अबाया, याचा विचार करत दारात उभ्या असलेल्या मुलीला आधी आपल्याच घरात ‘तुझे तू ठरव’ म्हणावे लागेल.